योसेफसन लेखकही होते!

मा. संपादक,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीतला स्वीडिश अभिनेते एरलँड योसेफसन यांच्यावरचा लेख वाचला. जागतिक सिनेमासाठी तुम्ही पान राखून ठेवता, याबद्दल तुमचे आभार मानायला हवेत. पण 'बर्गमनचा (स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमनचा) हुकमी नट' यापलीकडे लेख सरकतच नाही, याचा मनापासून राग आला.

या माणसाने कथा, कादंबऱ्या, नाटकं, कविता असं सगळं लिहिलं. अभिनयाच्या आयुष्यावर आत्मपर पुस्तकं लिहिली. बर्गमनने पद सोडल्यावर १९६६ पासून १९७५ पर्यंत स्टॉकहोमचं 'ड्रामाटेन' हे राष्ट्रीय नाट्यगृह सांभाळलं. लेखात यावर एक ओळ नाही. उलट १९७३ च्या 'सीन्स फ्रॉम अ मॅरेज' या मालिकेमुळे बर्गमनला ते 'सापडले' म्हणे! अहो, या दोघांची ओळख योसेफसन विशीच्या आत असतानाची, हौशी नाटकांतली.

माझं खरं दुखणं मात्र वेगळं आहे. काही वर्षांपूर्वी पुण्यातल्या एका फिल्म सोसायटीत बर्गमनचा १९६४ चा पहिला रंगीत चित्रपट, 'ऑल दीज विमेन', दाखवला होता. पटकथेचं श्रेय बर्गमन आणि योसेफसन या दोघांचं, असं मी चर्चेत सांगितलं. 'बुंटेल एरिकसन' हे टोपणनाव दोघांनी मिळून वापरलं होतं. व्यासपीठावरच्या वक्त्यांनी मला सगळ्यांसमोर खाली बसवलं: एरिकसन म्हणे कुणी तिसराच लेखक! १९६१ च्या 'प्लेझर गार्डन'ची पटकथाही याच जोडीची, हे सांगायची संधीच मिळाली नाही. आणि आता तुमच्या लेखात 'ऑल दीज विमेन'ची पटकथा एकट्या बर्गमनच्या नावावर. छापील शब्दावर लोक विश्वास ठेवतात हो. उद्या कुणी हेच कात्रण माझ्यासमोर नाचवेल.

त्यांचं लेखन बाजूला ठेवून त्यांचा अभिनयही नीट कळत नाही, असं माझं ठाम मत आहे. 'सीन्स फ्रॉम अ मॅरेज'मधला योहान चोरून कविता करतो आणि प्रयोगशाळेतल्या सहकारी बाईला त्या वाचायला देतो. कविता सामान्य आहेत, असं ती स्पष्टच सांगते. त्या वेळी योसेफसन यांचा चेहरा बघा. आवाज चढत नाही, तोंडावरचं हसू टिकवायची धडपड चालते आणि आतून माणूस पार खचलेला असतो. ज्याने स्वतः लिहून दुसऱ्यापुढे ठेवलंय, त्यालाच ती घालमेल इतकी नेमकी दाखवता येते. तुमचा लेख लिहिणाऱ्याने या प्रसंगाचा साधा उल्लेखही करू नये? रशियन दिग्दर्शक तारकोव्हस्कीच्या 'सॅक्रिफाइस'मधलं जळतं घर तेवढं सगळ्यांच्या लक्षात राहतं. तिथेही योसेफसन यांनी साकारलेला अलेक्झांडर हा रंगभूमी सोडून लिहिण्याकडे वळलेला नट आहे. या भूमिकेसाठी त्यांना स्वीडनचा गुल्डबागे पुरस्कार मिळाला. तोही लेखातून गायब.

आणखी एक. लेखासोबतचा फोटो योसेफसन यांचा नाहीच, तो मॅक्स फॉन सिडो यांचा आहे. बर्गमनच्याच 'सेव्हन्थ सील'मध्ये मृत्यूशी बुद्धिबळ खेळणारा सरदार, तोच. २०१२ मध्ये निवर्तलेल्या माणसाची आठवण काढताना त्याचा चेहरा तरी त्याचाच हवा. फोटोची आणि पटकथेच्या श्रेयाची, अशा दोन्ही दुरुस्त्या येत्या रविवारी त्याच पानावर, ठळक छापाव्यात.

आपला,
एक जुना वाचक, पुणे