बाय, तुझ्या विश्वात वीज आधी दिसेल का?

हर्णै,
श्रावण वद्य तृतीया

चि. बाय हीस,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या गोष्टीची 11 पानं मिळाली. आईला वाचून दाखवली. ती म्हणाली, "अभ्यास सोडून हे काय चालवलंय पोरीने?" मी गप्प बसलो, कारण रात्री दोनदा उठून मीच ती पानं परत वाचली होती.

तुझा नादकाळाचा नियम मला समजला तो असा. त्या विश्वात काळ आपोआप सरकत नाही, आवाज त्याला सरकवतो. आवाज पोचला तिथे काळ चालू. आवाज नाही तिथे सगळं जागच्या जागी थांबलं, आणि थांबलेल्याला आपण थांबलो होतो याचा पत्ताही नाही. नियम झकास आहे. पण एकदा केलास की तो तुलाही लागू, बरं का.

आठव्या पानावर घोळ आहे (मासा नव्हे, तो पुढे येईल). वारा पडलेला, पाऊस नाही, चिडीचूप रात्र, आणि तुझी नायिका लांबची वीज बघून मनातल्या मनात आकडे मोजते. आपल्याकडे हे बरोबर. हवेत आवाज सेकंदाला साधारण 340 मीटर जातो, म्हणून वीज चमकल्यापासून गडगडेपर्यंत दर 3 सेकंदांना एक किलोमीटर धरायचा. तुला पडवीत बसवून मीच शिकवलं होतं ते. पण तिथे ती मोजणार कशी? आवाज नाही म्हणजे काळ नाही, काळ नाही म्हणजे तिची पापणीसुद्धा लवत नाही. गडगडाट तिच्यापर्यंत येईल तेव्हा कुठे ती सुरू होणार. म्हणजे अशा शांत रात्री तुझ्या विश्वात कुणालाच वीज आधी दिसायची नाही. कितीही लांब पडो, उजेड आणि कडकडाट एकदमच.

पाऊस घातलास तर सुटशील. कौलांवर पाऊस वाजत असला की काळ चालू. नाहीतर तिला तोंडाने मोठ्याने मोजायला लाव. मी असतो तर यातलं काहीच केलं नसतं. शांत रात्री पडलेली वीज जवळ होती की दूर, हे तिथल्या माणसाला कळायचंच नाही. केवढी भीती ती! तीच लिही.

आता पाण्याचं बघ. समुद्राच्या पाण्यात आवाज सेकंदाला 1500 मीटरच्या आसपास जातो. तांडेलाच्या मुलीने हे विसरायला नको होतं. आपल्या बोटीवरचा फिश फाइंडर दुसरं काय करतो? 8 वाव, म्हणजे साधारण 15 मीटर, पाणी असलं तर आवाज तळाला आपटून परत यायला सेकंदाचा पन्नासावा भाग लागतो. यंत्र ती वेळ मोजतं आणि आपल्याला खोली दाखवतं. आजोबा शिशाचं वजन बांधलेली दोरी सोडून वाव मोजायचे, आम्ही वेळ मोजतो, एवढाच फरक. तर समज, 3 किलोमीटरवर मोठा धडाका झाला. पाण्यातून तो 2 सेकंदांत येईल, हवेतून यायला जवळजवळ 9. तुझ्या नियमाने मासे माणसांच्या 7 सेकंद आधी जागे. पुळणीवर रापणीचं जाळं ओढणारे सगळे पुतळ्यासारखे उभे, आणि खाली माशांना निसटायला 7 सेकंद! पुष्कळ झाले.

आणखी एक. शांतता इतकी स्वस्त करू नकोस. तू तिसरीत असताना सुवर्णदुर्गाच्या बाहेर आमचं इंजिन बंद पडलं, त्यात वायरलेसही गेला. नांगर टाकून बसलो. दिवसभर कानात असलेली धडधड थांबली तेव्हा वाटलं, आता काहीच ऐकू येत नाही. मग हळूहळू फळीला लागणारं पाणी आलं, दोरखंडाची करकर, एका खलाशाचा खोकला. पूर्ण शांतता मी समुद्रात कधी ऐकलेली नाही, आणि तुझी माणसं पानापानाला थांबतात. दुसऱ्या दिवशी दुपारी दुसऱ्या बोटीने ओढून आणलं तोवर आईने भात तीन वेळा गरम केला होता. तुझ्या हिशेबाने आम्ही थांबलेले आणि घर चाललेलं. तिला विचार, ती उलटं सांगेल.

रात्री उठलो ते मात्र वेगळ्याच कारणाने. थांबलेल्या जागेत पहिला आवाज काढणार कोण? आवाज म्हणजे थरथर, आणि थरथरायलाच वेळ लागतो. म्हणजे तो बाहेरून यायला हवा. त्या बाहेरच्याकडे कुठून आला? असं मागे मागे जात राहिलो. मला वाटतं, तुझ्या विश्वात आवाज कधी सुरू झालाच नसावा, तो होताच.

इथे घोळ येते. तिच्या भोताला, म्हणजे पोटातल्या हवेच्या पिशवीला, लिलावात काय भाव मिळतो ते तुला माहीत आहे, पण जिवंतपणी तेच तिचं वाद्य. भोताशेजारचे स्नायू थरथरवून ती घुमते. आजोबा वल्हं पाण्यात सोडून दांडीला कान लावायचे आणि हळूच म्हणायचे, "घुमतायत खाली." तसा एखादा प्राणी घाल, कधीच गप्प न होणारा. तो जाईल तिथे काळ चालू, आणि गावंच्या गावं बाडबिस्तरा घेऊन त्याच्या मागे.

आज तृतीया, तिनाची पाऊणपट सव्वादोन, म्हणजे सव्वादोनला भरती पुरी. त्याच्या आत बर्फ चढवायचाय, म्हणून थांबतो. आठवं पान नीट करून पाठव. आणि फिश फाइंडरचा आवाज माणसाला ऐकू येत नाही. तुझ्या नियमात तो धरायचा की नाही, तेही कळव.

तुझे बाबा