शेवटचा माग देऊ नका

बाझेल, स्वित्झर्लंड
डिसेंबर

तीर्थरूप अप्पांस, सा. न. वि. वि.

गड्ड्याची यात्रा झाली की शेडमधला शेवटचा यंत्रमाग भंगारात जाणार, असं आई फोनवर म्हणाली. तेव्हा मला काही बोलवेना, म्हणून लिहितेय.

माझ्या कामाच्या वाटेवर एक कारंजं आहे. उथळ हौदात लोखंडी यंत्रं उभी, सगळी हलती. एक फावड्यानं पाणी उपसतं. एक चाळणीनं उचलतं. पाणी गळून जातं, तरी ते पुन्हा वाकतं. ज्याँ टिंगली नावाच्या शिल्पकारानं १९७७ साली हे केलं. तिथं पूर्वी गावाचं जुनं नाट्यगृह होतं. ते १९७५ मध्ये पाडलं. त्याच्या रंगमंचावरच्या यंत्रांचे सुटे भाग टिंगलीनं घेतले, आणि नाट्यगृह होतं त्याच जागी पाण्यात उभे केले. सध्या थंडीनं त्यांना बर्फाच्या दाढ्या फुटल्यात.

ऱ्हाईन नदीकाठी त्याचं संग्रहालयही आहे. तिथं बटण दाबलं की भंगारातली चाकं, पट्टे, दांडे खडखडायला लागतात. मी डोळे मिटले, अप्पा, आणि आपल्या गल्लीतली दुपार ऐकू आली. रडूच आलं.

आधीचे तीन माग किलोवर गेले. ओतीव बीडाचा भाव वेगळा, लोखंडाचा वेगळा, आणि तुम्ही काट्याकडे पाठ करून उभे होतात. तुमची अडचण मला कळते. शेडचं भाडं सुरू व्हायला हवं, जागा मोकळी करा. पण मागाचे पैसे मी पाठवते, तो देऊ नका. मोठं चाक, बाजूच्या दोन्ही चौकटी, नक्षी उठवणाऱ्या जेकार्डच्या भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ, आणि आडवं सूत नेणारे धोटे तर सगळेच ठेवा. ज्या धोट्यावर तुमच्या अंगठ्यानं खळगा पडलाय, तो आईच्या कपाटात ठेवा.

एमआयडीसीतल्या दादाला सांगा, दारापुढं उभं करायचं झालं तर बीडाला वेल्डिंग करू नको, तडकेल, बोल्टनंच जोड. चाक हातानं फिरलं पाहिजे. काय करायचं ते मी मे महिन्यात आले की तिघं मिळून ठरवू. तोवर पत्र्याखाली झाकून ठेवा, आणि तेलाचा हात फिरवा.

आईला नमस्कार. शेंगाची चटणी संपली.

तुमची धाकटी