रंग लावायच्या वेळेला ये

चि. सोनूस,
अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर तू म्हणालीस, "बाबा, दशावतारावर माहितीपट करायचा म्हणजे दुसऱ्याची कला नुसती टिपायची. त्यात माझं काय?" मला पटकन उत्तर सुचलं नाही. दोन दिवस तेच घोळतंय मनात, आणि सारखा चित्रपट दिग्दर्शक कार्लोस साउरा आठवतोय.

स्पेनमधल्या वेस्काचा हा माणूस, जन्म १९३२ चा. आई पियानोवादक, थोरला भाऊ आन्तोनिओ नावाजलेला चित्रकार, आणि हा सुरुवातीला फोटोग्राफर. हुकूमशहा फ्रँकोच्या राजवटीत उघड बोलायची सोय नव्हती, तर यानं सशांच्या शिकारीला निघालेल्या मित्रांची गोष्ट घेतली आणि यादवी युद्धाचं सगळं विष त्या एका दिवसात आणलं. १९६६ साली बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात त्या चित्रपटाबद्दल रौप्य अस्वल हा पुरस्कार मिळाला. १९८१ साली दुसऱ्या एका चित्रपटाला सुवर्ण अस्वल. आणि त्याच वर्षी त्यानं नर्तक आन्तोनिओ गादेसच्या नृत्यमंडळीवर कॅमेरा लावला, स्पॅनिश नाटककार लोर्काच्या 'ब्लड वेडिंग'वर. नाटक लोर्काचं, नृत्यरचना गादेसची. मग साउराचं काय, असं तूही विचारशील.

पुण्यात शिकत असताना फिल्म सोसायटीत मी तो चित्रपट पाहिला. सुरुवातीला नाच नाहीच. नर्तक येतात, आरशासमोर बसतात, तोंडाला रंग लावतात. मग अंग मोकळं करणं, मग तालमीच्या रिकाम्या दालनात सगळं नाटक. ना घर, ना रान, ना लग्नाचा मांडव. शेवटी नवरा मुलगा आणि नवरीला पळवणारा लेओनार्दो सुरे काढून समोरासमोर येतात. गाणं थांबतं, गिटार थांबते. दोघं इतक्या संथपणे एकमेकांवर चालून जातात, की आपल्याला वाटतं कॅमेऱ्याचीच करामत असेल. पण तसं नाही गं, ती माणसं स्वतःच्या शरीरानं तेवढा वेळ लावतात. माझ्या शेजारचा मुलगा श्वास रोखून बसला होता. कुठे बसायचं, काय काढून टाकायचं, कुठे गप्प राहायचं, हे सगळं साउराचं होतं. त्याला मी 'नुसतं टिपणं' म्हणणार नाही.

पुढे साउरा हेच करत राहिला: 'कार्मेन', स्पेनचं फ्लामेंको नृत्य-संगीत, टँगो, पोर्तुगालचं फादो गाणं, त्याच्या आरागोन प्रांतातलं 'होता' नावाचं लोकनृत्य. 'फ्लामेंको' (१९९५) सेव्हिलच्या जुन्या रेल्वे स्टेशनात चित्रित केला. सुरुवातीचं थोडं निवेदन सोडलं तर त्यात कुणी काही समजावून सांगत नाही. नव्वदीत पोचल्यावर गुहाचित्रांपासून रस्त्यावरच्या भिंतींपर्यंतचा माहितीपट केला. २०२२ च्या नोव्हेंबरात आपल्या शेजारी गोव्यात, इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात, त्याला सत्यजित राय जीवनगौरव मिळाला, तो घ्यायला त्याची लेक आली होती. पुढच्या फेब्रुवारीत तो गेला. दुसऱ्याच दिवशी त्याला गोया हा स्पेनचा चित्रपट पुरस्कार सन्मानाने द्यायचा होता.

म्हणून सांगतो, निवेदकाची भाषा आत्ताच लिहू नकोस. दहीकाल्याच्या, म्हणजे दशावताराच्या खेळाच्या, दिवशी दुपारीच घरी पोच. रात्री मंडळी रंग लावायला बसली, की आपण जाऊ. राजाचं काम करणारे काका हातातल्या लहानशा आरशात बघून स्वतःच भुवई ओढतात, दुसरा हात गालाला टेकवलेला असतो. तिथे बस. कॅमेरा लगेच काढू नकोस. त्यांच्याशी मी बोलून ठेवलंय.

तुझा,
बाबा