नसलेला हात दुखतो तेव्हा

संपादक महोदय, माझा धाकटा भाऊ रबाळे एमआयडीसीत प्रेस मशीनवर होता, चार वर्षांपूर्वी उजवा हात कोपराच्या वरून गेला. जखम भरली, पण रात्री तो अजून दचकून उठतो, म्हणतो दादा मूठ आवळली गेलीय, नखं तळव्यात रुततायत, सोडव ना. नसलेली मूठ सोडवायची कशी? एका डॉक्टरांनी मनाचे खेळ आहेत म्हणून वाटेला लावलं, त्याचा मला आजही राग येतो, कारण कापलेली नस (रक्ताची नव्हे, मज्जातंतू) परत वाढायला बघते, पुढे जागा नसते, मग टोकाला गाठ होते आणि नुसता शर्ट घासला तरी करंट बसतो.

2002 मध्ये शिकागोच्या डॉ. टॉड कुइकेन आणि डॉ. ग्रेगरी डुमॅनियन यांनी दोन्ही हात गेलेल्या एका माणसाच्या हाताच्या नसा छातीच्या स्नायूंना जोडल्या. मूठ मिटायचा विचार केला की छातीचा स्नायू हलतो, त्वचेवरचे सेन्सर तो सिग्नल पकडतात आणि मोटरवाला हात मिटतो! पुढे कळलं की नसेला असं काम मिळालं की बऱ्याच जणांचं दुखणंही कमी होतं.

हात कापतानाच नसांचं काय करणार हे प्लास्टिक सर्जनला विचारता येतं, आम्हाला कुणी सांगितलंच नाही, भावाचा शोभेचा हात कपाटावर पडून आहे. ठाणे-बेलापूर पट्ट्यात एवढे कारखाने, वर लोकलचे अपघात, तर इथल्या सरकारी हॉस्पिटलात निदान हा सल्ला तरी मिळावा.

– एक वाचक, ऐरोली