बंदराच्या मुक्या फिती आधी कोळीवाड्यांत दाखवा

मा. सांस्कृतिक कार्य मंत्री,
महाराष्ट्र शासन, मुंबई

सप्रेम नमस्कार.

डिसेंबर १९०१मध्ये गणितज्ञ रँग्लर परांजपे केंब्रिजहून मुंबईत परतले, तेव्हाच्या स्वागताची चित्रफीत सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी घेतली. ती आज पाहायला मिळत नाही. गेलं ते गेलं. माझं मागणं उरलेल्याबद्दल आहे.

मूकपटांच्या काळात बोटीने येणाऱ्या साहेबांनी आणि हौशी प्रवाशांनी इथलं बरंच काही टिपलं. त्यातलं पुष्कळ आज ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या संग्रहात आहे. जपलंय उत्तम, पण नावांचं काय? १८९९ची एक फीत ‘कलकत्त्याचं दृश्य’ म्हणून नोंदली गेली. नावेतून घेतलेल्या त्या चित्रात दिसतात ते काशीचे घाट! काशीचं कलकत्ता होत असेल, तर आपल्या ससून डॉकचं कराची व्हायला कितीसा वेळ?

नाळ म्हणजे होडीचं पुढचं टोक, शीड, डोलकाठीचा कल पाहून ही होडी मचवा की पडाव, हे सांगणारी माणसं कुलाब्याच्या आणि वरळीच्या कोळीवाड्यांत आहेत. पाठीवर गाठोडं घेतलेला हमाल कुठल्या गोदीत उभा आहे, हे जुना मुकादम मागच्या शेडवरून ओळखेल. १४ एप्रिल १९४४ला व्हिक्टोरिया डॉकमध्ये ‘फोर्ट स्टिकीन’ या दारूगोळ्याच्या जहाजाचा स्फोट झाला आणि आसपासचा परिसर होत्याचा नव्हता झाला. त्याआधीची हलती चित्रं म्हणूनच मोलाची.

तेव्हा या फितींच्या प्रती मागवा आणि त्यांचे खेळ आधी कोळीवाड्यांच्या समाजमंदिरांत लावा, महोत्सवांत नंतर. लोक जे सांगतील ते मराठीत नोंदवून घ्या. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय केंद्राचं आहे, ठाऊक आहे. पण पत्र तर लिहिता येतं.

आणखी एक. तेव्हाचा कॅमेरा हाताने फिरवायचा, सेकंदाला साधारण सोळा चित्रं. हल्लीच्या चोवीसच्या वेगाने ते दाखवलं की ओझ्याखालचा हमाल सर्कशीतल्या विदूषकासारखा तुरुतुरु पळतो आणि प्रेक्षक हसतात. कृपा करून वेग नीट ठेवायला सांगा.

स्फोटाआधीची गोदी ज्यांनी जाणत्या वयात पाहिली, ते आता नव्वदीच्या घरात आहेत. समिती नेमायचीच असेल तर तिची मुदत हे ध्यानात घेऊन ठरवावी.

आपला,
एक मुंबईकर