आजोबांची रिळं वाचवणाऱ्या काकांना

आदरणीय काका,

सप्रेम नमस्कार.

आजोबांच्या जुन्या चित्रणावरची फिल्म पूर्ण झाली. श्रेयनामावलीत तुमचं नाव आहेच, पण तुम्ही केलंत ते तिथल्या एका ओळीत मावणारं नाही, म्हणून हे जाहीर पत्र.

डब्यांची झाकणं उघडली तेव्हा व्हिनेगरसारखा आंबूस वास आला होता. अ‍ॅसिटेटची फिल्म कुजायला लागली की असा वास येतो, ती आकसते, कडेची छिद्रं प्रोजेक्टरच्या दातांत नीट बसत नाहीत आणि फाटतात, हे तुमच्याकडूनच कळलं. त्याआधी एके ठिकाणी मला सांगितलं होतं की प्रोजेक्टरवर लावू आणि पडद्यावरूनच शूट करून घेऊ. तुम्ही प्रोजेक्टरचं नावही काढू दिलं नाहीत. वास येणारी रिळं आधी बाजूला केलीत, कारण त्यातून सुटणारं आम्ल शेजारच्या धडधाकट रिळांनाही लागतं. मग हातानं पुढे सरकवत सगळी फिल्म तपासलीत, सुटत आलेले जोड नव्यानं चिकटवलेत आणि दात नसलेल्या स्कॅनरवर एकेक फ्रेम उतरवून घेतलीत.

एवढ्यासाठीही मी जन्मभर ऋणी राहिले असते. पण खरे आभार मानायचेत ते तुमच्या नजरेचे.

प्रत्येक रिळाच्या मध्यावर एक पांढरा-केशरी झोत येतो. साफसफाईत तो सहज कापला गेला असता. तुम्ही मला थांबवून कॅमेऱ्याची रीत सांगितलीत. १९३२ साली कोडॅकनं आणलेल्या ८ मिमीच्या पद्धतीत कॅमेऱ्यात घालायची फिल्म असायची १६ मिमी रुंद, २५ फूट लांब. एका फेरीत अर्ध्या रुंदीवर चित्रण व्हायचं, मग कॅमेरा उघडून रीळ उलटं घालायचं आणि उरलेली अर्धी बाजू वापरायची. धुतल्यावर फिल्म मधोमध चिरून, जोडून ५० फूट व्हायची. जेमतेम चार मिनिटं! तो झोत म्हणजे रीळ उलटताना आत शिरलेला उजेड. आजोबा चित्रणात जवळपास कुठेच नाहीत, कारण कॅमेरा त्यांच्याच हाती. त्या उजेडात मात्र त्यांचे हात काम करत होते. माझ्या फिल्ममध्ये एकही झोत कापलेला नाही.

आणि ते एक रीळ! झोतानंतर कॅमेरा एकदम खाली येतो. सगळे मान वाकवून, हसत बघतात. पुढे दोन गुडघे दिसतात आणि भिंगाकडे येणारा एक हात. मी हे अनेकदा पाहिलं होतं. तुम्ही एकदाच पाहून म्हणालात, "हे लहान मुलानं घेतलंय." घरी आत्याला दाखवलं तेव्हा ती कितीतरी वेळ बोलेना. मग म्हणाली, "बाबांनी चावी भरून दिली होती मला." आमच्या घरच्या इतिहासात आत्या कायम कडेला उभी असलेली मुलगी होती. आता माझी अख्खी फिल्म तिच्या त्या काही सेकंदांभोवती उभी आहे.

सालाच्या बाबतीतही तुम्ही सांभाळलंत. घरी जो तो ठामपणे वेगळं साल सांगायचा. तुम्ही भिंगातून फिल्मच्या कडेची बारीक चिन्हं दाखवलीत. कोडॅकची ती चिन्हं फिल्म कुठल्या साली तयार झाली ते सांगतात, तीही २० वर्षांनी पुन्हा तीच येतात. चित्रण कधी झालं ते त्यांवरून ठरत नाही. म्हणून पडद्यावर मी साल लिहिलेलं नाही, फक्त ती चिन्हं मोठी करून दाखवली आहेत.

मूळ रिळं तुम्ही सांगितल्याप्रमाणे थंड, कोरड्या जागी ठेवली आहेत. पहिल्या खेळाला तुम्ही यायलाच हवं. आत्याला तुम्हाला भेटायचंय. तिनं घेतलेल्या त्या फ्रेम्स तिला एकदा तुमच्या भिंगातून बघायच्या आहेत.

आपली कृतज्ञ,
आजोबांची नात