आधी नट, मग सुवर्णपदक

मा. संपादक,
स.न.वि.वि.

मैदानातून पडद्यावर गेलेल्या खेळाडूंविषयी रविवारच्या पुरवणीत आलेला लेख वाचला. संदीप पाटील यांच्यापासून सुरुवात करून लेखक थेट फिनलंडच्या तापिओ राउतावारापर्यंत पोचले, याचे कौतुक वाटले. हे नाव मराठी वृत्तपत्रात कधी दिसेल असे वाटले नव्हते. पण १९४८च्या लंडन ऑलिंपिकमध्ये भालाफेकीचे सुवर्ण मिळाले आणि त्या प्रसिद्धीच्या जोरावर त्याला सिनेमे मिळाले, हे त्यातले विधान बरोबर नाही. क्रम नेमका उलटा आहे.

पाटील यांच्या बाबतीत लेखकाचे सूत्र लागू पडते. १९८३चा विश्वचषक आधी, 'कभी अजनबी थे' १९८५ साली. राउतावारा मात्र १९४५ मध्येच पडद्यावर आला होता. १९४७ साली तर 'कुल्तामितालिवाइमो' नावाच्या चित्रपटात त्याने काम केले. या नावाचा अर्थ साधारण 'सुवर्णपदकवाली बायको' असा होतो! खरे पदक त्यानंतर वर्षभराने हाती आले. योगायोग म्हणायचा, दुसरे काय.

माझ्या मते त्याचे खरे भांडवल भाला नव्हते, आवाज होता. १९१५ सालचा त्याचा जन्म. एकट्या आईने त्याला हेलसिंकीजवळच्या ओउलुन्किला भागात वाढवले. तो खेळला तोही कामगारांच्या क्रीडा संघटनेकडून. युद्धकाळात सैन्याच्या आउनुस रेडिओवर त्याचा आवाज लोकांच्या कानावर पडला. पुढे गीतकार रेइनो हेलिस्माची गाठ पडली आणि या जोडीने युद्धानंतरच्या फिनलंडला अक्षरशः गुणगुणायला लावले. १९४९ सालचे, वाटसरू आणि मांजराचे 'रेइस्सुमिएस या किस्सा' हे गाणे हेलिस्माने लिहिले आणि चाल दिली राउतावाराने. सूर्यकिरण आणि काळोखात राहणारा बुटका यांची न जुळणारी प्रीत सांगणारे दुसरे गाणे तर शब्द-चालीसकट हेलिस्माचेच. ते एकदा तरी ऐकावे; भाषा कळली नाही तरी अडत नाही. हे दोघे आणि विनोदी नट एसा पाकारिनेन गावोगाव कार्यक्रम करत हिंडले.

'काउनिस वेरा' (१९५०), 'रिओन उओ' (१९५१) यांसारख्या चित्रपटांत लोक बघायला गेले ते या गाणाऱ्या राउतावाराला. अभिनेता म्हणून तो थोर होता असे मी म्हणणार नाही. तिकडचा नट तौनो पालो याच्यासारखी रंगभूमीवरची तालीम त्याच्याजवळ नव्हती. पण गिटार घेतलेला धिप्पाड, मोकळाढाकळा भटक्या त्याने उभा केला आणि लोकांना तो आपला वाटला. त्या काळात तिकडे गाणी आणि गावरान विनोद यांची भेळ असलेल्या स्वस्तातल्या चित्रपटांची लाट आली होती. 'रिल्लुमारेइ' म्हणून समीक्षकांनी ती यथेच्छ झोडपली, प्रेक्षकांनी थिएटरे भरली. या लाटेविषयी लेखात एक अक्षरही नाही, आणि ती वगळली तर राउतावाराची कारकीर्द कळणेच अशक्य आहे.

भालाफेकीबद्दल एवढेच सांगतो की त्याची लंडनची विजयी फेक ६९.७७ मीटरची होती. नीरज चोप्राच्या टोकियोतल्या ८७.५८ मीटरपुढे ती कोणाला किरकोळ वाटेल, पण तेव्हाचा भाला वेगळा आणि तयारीची साधनेही वेगळी. शिवाय हा गडी तेव्हा तेहतिशीचा होता. दोन वर्षे आधी ओस्लोच्या युरोपीय स्पर्धेत त्याला कांस्यपदक मिळाले होते. म्हणजे गाणे, सिनेमा आणि भाला ही तिन्ही कामे एकाच वेळी चालू होती. एक सोडून दुसरे धरले, असे झाले नाही.

आणखी एक गोष्ट राहिली. लेखात त्याला एका सुवर्णपदकाचा मानकरी म्हटले आहे. १९५८ साली ब्रसेल्सच्या जागतिक तिरंदाजी स्पर्धेत फिनलंडच्या संघाने सुवर्ण जिंकले, त्या संघात हाच राउतावारा होता. तेव्हा तो त्रेचाळीस वर्षांचा होता. या तपशिलाची आणि वर सांगितलेल्या क्रमाची दुरुस्ती पुढच्या रविवारी छापावी, ही विनंती.

आपला,
एक वाचक, डोंबिवली